शेवटचं झाकण

वहिनी गेल्यानंतर लोक मला विचारायचे, "घरी आता कसं आहे?" मी म्हणायचे, "ठीक आहे." आणि ते खोटं नव्हतं. घर खरंच ठीक होतं. दूध वेळेवर तापत होतं, कपडे वाळत होते, संध्याकाळी दिवे लागत होते. कुणी रडत नव्हतं, कुणी भांडत नव्हतं, कुणाच्या हातून साधा पेला सांडत नव्हता. दाढ काढण्याआधी इंजेक्शन देतात तेव्हा गाल कसा आपलाच असून आपला राहत नाही, तसं आमचं तिघांचं झालं होतं. मी दातांच्या दवाखान्यात कामाला आहे, त्यामुळे मला दुसरी उपमा सुचत नाही.

तिघं म्हणजे माझा दादा, त्याची मुलगी आणि मी. मी दादाची धाकटी बहीण, लग्नाच्या भानगडीत न पडलेली, म्हणून अडीअडचणीला सगळ्यांना सगळ्यात आधी आठवणारी. वहिनीच्या आजारपणात चार दिवसांसाठी म्हणून बॅग घेऊन आले होते, ती बॅग पलंगाखाली गेली आणि मी राहिले. कुणी राहा म्हणालं नाही, कुणी जा म्हणालं नाही.

भाचीला घरात सगळे खारूताई म्हणतात. लहानपणी ती दिसेल ते खिशात कोंबायची. बटणं, खडे, पेन्सिलीची टोकं, सगळं. हा गुण तिने आईचाच घेतला होता. वहिनीने आयुष्यात रिकामी वस्तू म्हणून काही टाकली नाही. मागच्या बाल्कनीत कपडे वाळत घालायला जागा नसायची, कारण तिथे अंड्यांचे ट्रे, बुटांची खोकी, टॉयलेट पेपरच्या नळ्या, दह्याचे डबे आणि जोडीदार हरवलेले मोजे असा सगळा संसार मांडलेला असायचा. एकदा मी बिस्किटांचं रिकामं खोकं कचऱ्यात टाकलं, तर वहिनीने ते बाहेर काढलं, झटकलं आणि माझ्याकडे असं बघितलं की जणू मी मांजराचं पिल्लू टाकलंय. "टाकाऊतून टिकाऊ" हे आम्हीही शाळेत असताना एका तासापुरतं करायचो. हिने त्यात घर घातलं होतं.

पण शनिवारी दुपारी त्या अडगळीला किंमत यायची. बिल्डिंगमधली मुलं जिन्यातून धावत वर यायची, वहिनी हॉलमध्ये वर्तमानपत्रं अंथरायची आणि मधोमध खळीचं पातेलं ठेवायची. मैद्याची खळ, घरी शिजवलेली, कोमट. बाजारातला गोंद का आणत नाहीस, असं मी विचारलं होतं. ती म्हणाली, "अगं, मुलांचं मन बदलतं. खळ असली की ओल्या फडक्याने सुटतं, परत लावता येतं." मग नळीचं घुबड व्हायचं, खोक्याची बस व्हायची, दह्याच्या डब्याची होडी व्हायची. मुलं हात, गाल, केस, सगळं खळीने माखून घ्यायची. शनिवारी मी तिकडे गेले की आधी नाक मुरडत दारात उभी राहायचे आणि तासाभराने मीही खाली बसलेली असायचे.

तिथे एकच नियम होता. मागाल तेवढी मदत वहिनी करायची, पण शेवटचा तुकडा ज्याचा त्याने लावायचा. घुबडाचा दुसरा डोळा, बसचं शेवटचं चाक, होडीचं शीड. तो तुकडा लागला की वस्तू घरी न्यायची. तोवर ती पॅसेजमधल्या फळीवर राहायची आणि तिच्यासमोर एका काड्यापेटीत तो तुकडा. काही मुलं तिथल्या तिथे लावून पळायची. काहींना आठवडेच्या आठवडे लागायचे. एका मुलीने तर बाहुलीला तोंड लावायला इतका वेळ घेतला, की तोवर त्या बाहुलीचे कपडे बदलायची वेळ आली. वहिनीने कधी घाई केली नाही. ती म्हणायची, "मी पूर्ण केलं तर ते माझं होतं. त्यांचं व्हायला हवं ना?"

दादाने यातलं काही पाहिलेलं नव्हतं. शनिवारी तो कारखान्यात असायचा. तो पंख्यांच्या कारखान्यात आहे, लाइनच्या शेवटच्या टेबलावर. पंखा बाकी सगळीकडून फिरून त्याच्यापुढे येतो. जाळीची एखादी पकड नसेल, एखादा स्क्रू नसेल, पायाखालची रबराची चकती राहिली असेल, तर ते तो बसवतो आणि पंखा खोक्यात जातो. काहीतरी राहिलेल्या अशा पंख्याला ते अपुरा नग म्हणतात. घरी पाहुणे आले आणि कुणाच्या शर्टाचं बटण लोंबत असलं, तरी दादाचं गप्पांत लक्ष लागायचं नाही. वहिनी त्याची चेष्टा करायची, "यांना जेवायला वाढताना मीठ विसरू नका, उठून कामाला लागतील."

मग वहिनी आजारी पडली. शनिवार बंद झाले. फळीवर होतं ते तसंच राहिलं.

एक वस्तू तेवढी तिने नंतर केली, पलंगावर बसून, पाठीला दोन उशा लावून. खारूताईसाठी कासव. वाटीवर वर्तमानपत्राचे तुकडे खळीने थापून पाठ केली, अंड्याच्या ट्रेचे पाय केले, आणि पाठीवर झाकणं लावली. आमच्या घरात त्या दिवसांत झाकणांना तोटा नव्हता. औषधांच्या बाटल्यांची, मलमांच्या ट्यूबची, ताकद येण्याच्या त्या कसल्याशा पावडरीच्या डब्यांची. लाल, पांढरी, पिवळी. पाठीच्या बरोबर मध्यावर तिने एक गोल जागा मोकळी ठेवली आणि लेकीला म्हणाली, "इथलं तू शोध. तुला आवडेल ते."

खारूताईने शोध सुरू केला. शाळेतून आली की दप्तर टाकून आधी आईच्या खोलीत. आई विचारायची, "ठरलं का गं?"

"अजून नाही."

"बरं. उद्या सांग."

रोज हेच. मध्येच ती एखादं झाकण आणून त्या जागेवर धरून बघायची, मान तिरकी करायची आणि परत घेऊन जायची. हिरवं मोठं आहे, निळ्यावर अक्षरं आहेत, सोनेरी भपकेबाज दिसतं. मला चीड यायची. घरात औषधांच्या वेळा, डॉक्टरांच्या खेपा, आणि ही पोरगी झाकणाचे नखरे करतेय. एकदा मी बोललेच, "अगं, एक झाकण लावायला मुहूर्त काढतेस का?" वहिनीने मला डोळ्यांनी गप्प केलं. तिच्यात तेवढीच ताकद उरली होती, पण तेवढी पुरली.

पुढे तिला मोठ्या दवाखान्यात हलवलं. तिथेही खारूताई गेली की पहिला प्रश्न तोच. "ठरलं का गं?" मग एक दिवस प्रश्न विचारणारं कुणी राहिलं नाही. कासव पाठीवर मोकळी जागा घेऊन फळीवर गेलं, आणि त्याच्यापुढची काड्यापेटी रिकामी होती.

त्यानंतरचं सगळं ठीक. दादा लवकरच कामावर जायला लागला. साहेबांनी दया म्हणून त्याला शनिवारची सुट्टी दिली, आणि सुट्टीचं काय करायचं हे त्याला कळेना, म्हणून तो खिडकीशी बसायचा. काहीही विचारलं तरी त्याचं उत्तर एकच. पडदे धुवायला टाकू? बघू. खारूच्या शाळेत पालकांना बोलावलंय, जाशील? बघू. पोळी वाढू? त्यालाही बघू. मी चिडायला हवं होतं. माझ्या तोंडाचा पट्टा एरवी कुणाच्या बापाला ऐकत नाही. पण चिडायलाही आतून काहीतरी वर यावं लागतं, आणि माझ्यात काही वर येत नव्हतं. मी पोळी वाढायचे.

खारूताई तर फारच शहाणी झाली. गणवेश स्वतः घडी करायची, ताट स्वतः उचलायची, मागच्या बाकावरच्या मुलीने ढकललं तरी सांगायची नाही. येणारे-जाणारे कौतुक करायचे, "पोर किती समजूतदार!" मलाही आधी बरं वाटायचं. मग लक्षात आलं की ती खिशात काही कोंबत नाही. धुण्याआधी मी तिचे खिसे उलटे करायचे, आणि त्यांतून काही पडायचं नाही.

एका संध्याकाळी खालच्या मजल्यावरच्या टेलरबाई दादाला आणि मला जिन्यात भेटल्या. भल्या बाई, पण बोलताना तोंडात टाचण्या असल्यासारख्या जपून बोलतात. "मुलं विचारतात हो अधूनमधून, त्यांच्या वस्तूंचं. वहिनींच्या फळीवर आहेत त्या. घाई नाही. तुम्हाला जमेल तेव्हा."

"बघू," दादा म्हणाला. मला वाटलं, झालं, हेही त्या खिडकीत गेलं.

पुढच्या शनिवारी मी दवाखान्यात अर्धा दिवस होते आणि खारूताई पोहायला गेली होती. दुपारी दार उघडलं तर हॉलमध्ये वर्तमानपत्रं अंथरलेली. क्षणभर मी उंबऱ्यातच थांबले. पण वास खळीचा नव्हता. कारखान्यातल्या त्या पिवळ्या गोंदाचा उग्र वास घरभर होता, आणि कागदांच्या मधोमध दादा मांडी घालून बसला होता. त्याच्यापुढे फळीवरचं सगळं ओळीने मांडलेलं. घुबडाला दोन्ही डोळे, बसला सगळी चाकं, होडीला शीड. एकही वस्तू तिरकी नव्हती, कुठे गोंदाचा थेंब बाहेर आलेला नव्हता.

"झालं सगळं," तो फडक्याला हात पुसत म्हणाला. "एकेक तुकडाच राहिला होता गं प्रत्येकाचा. ती आजारी पडली, म्हणून राहिलं असणार."

किती दिवसांनी त्याच्या तोंडून "बघू" सोडून दुसरा शब्द आला होता. त्याच्या शर्टाच्या बाह्या वर दुमडलेल्या होत्या, कपाळाला घाम होता. मला इतका आनंद झाला की पुढचं काही सुचलं नाही. "छान केलंस दादा," मी म्हणाले आणि चहा ठेवायला गेले. तो नियम मला तोंडपाठ होता, तरी मी हे म्हणाले. चहात दोनदा साखर घातली, इतकी मी खूश होते.

तो स्वतः खाली जाऊन मुलांना बोलावून आला. मुलं पूर्वीसारखी धावत आली नाहीत, एकामागून एक चालत आली आणि चपला बाहेर नीट काढून ठेवल्या. सगळ्यांत पुढे टेलरबाईंची मुलगी, जिचे पुढचे दोन्ही दात पडलेत. तिने घुबड उचललं आणि जवळ धरून बघितलं.

"डोळा कुणी लावला?"

"मी," दादा म्हणाला. "पक्का बसलाय. ओढून बघ."

तिने खरंच ओढून बघितला. डोळा हलला नाही. "पण तो मी लावणार होते," ती म्हणाली. पडक्या दातांतून शब्दांबरोबर हवाही आली, पण कुणी हसलं नाही. "काकू म्हणाल्या होत्या, शेवटचा माझा."

दादाला कळलं नाही. तो बाकीच्यांकडे बघायला लागला. मुलं आपापल्या वस्तू हातात घेऊन दुकानातल्यासारखी न्याहाळत होती. बसवाल्या मुलाने "थँक्यू काका" म्हटलं, वाढदिवसाला नको असलेली भेट मिळाल्यावर म्हणतात तसं. टेलरबाईंच्या मुलीने घुबड परत कागदावर ठेवलं, ढकलून दादाच्या बाजूला सरकवलं आणि म्हणाली, "मग हे तुमचं झालं." तिच्या आवाजात राग नव्हता. जे झालं होतं तेच ती सांगत होती.

मुलं गेली. मी दादाला तो नियम सांगितला. सांगता सांगता माझी नजर ओळीच्या टोकाला गेली. तिथे कासव होतं. त्याच्या पाठीच्या मध्यावर पांढरं झाकण.

"दादा, कासवाला ते कुठून आणून लावलंस?"

"त्याची काड्यापेटी रिकामी होती. मग तिच्या उरलेल्या झाकणांच्या डब्यातली सगळी मापून बघितली. त्या जागेत चपखल बसेल असं तेवढं एकच होतं."

"ते खारूने ठरवायचं होतं. वहिनीने तिला सांगितलं होतं. ती रोज विचारायची तिला."

दादाने माझ्याकडे बघितलं, मग कासवाकडे. तो उठला, पाण्यात फडकं बुडवून आणलं, पण तो गोंद पंख्याचा लोखंडी पाया धरून ठेवतो, त्याला पाण्याचं काय. मग त्याने पातळ पातं आणलं आणि झाकणाच्या कडेने सरकवलं. "सावकाश," मी म्हणत होते, "अरे सावकाश." त्याचा हात एरवी चुकत नाही, तेव्हाही चुकला नाही. झाकण जागचं हललं नाही. फाटली ती पाठ. वहिनीने खळीने थापलेले कागदाचे थर एकदम सुटे झाले, आणि लाल, पिवळी झाकणं वर्तमानपत्रावर घरंगळली. त्याच्या बोटांत ते पांढरं झाकण राहिलं, खाली कागदाचा एक लगदा धरून. त्यावर अर्ध्या छापील ओळी दिसत होत्या.

आम्ही वर बघितलं तेव्हा खारूताई दारात होती. ओले केस, खांद्यावर टॉवेल. किती वेळ उभी होती, देव जाणे.

तिने चपला जागेवर ठेवल्या. पोहण्याची पिशवी खुंटीला लावली. मग येऊन कागदावर गुडघे टेकून बसली आणि झाकणं गोळा करायला लागली, रंगांप्रमाणे वेगवेगळी.

"मी परत करतो खारू," दादा म्हणाला. "अगदी होतं तसं. मला मापं माहीत आहेत."

"बघू," ती म्हणाली.

अगदी त्याच्याच आवाजात. तोच सपाट सूर, तीच शेवटी जरा खाली उतरणारी मान. आणि मला भीती वाटली. वहिनी गेली त्या दिवशीही वाटली नव्हती इतकी. तिने आरडाओरडा करावा, ते फडकं माझ्या तोंडावर फेकावं, असं मला वाटत होतं, आणि ती झाकणं लावत होती. पिवळी पिवळ्यांत, पांढरी पांढऱ्यांत.

दादाही तिच्याकडेच बघत होता. तो खाली वाकला. "तुझं कुठलं ठरलं होतं?" त्याने विचारलं.

तिचे हात थांबले.

"हिरवं," ती म्हणाली. "पहिल्याच दिवशी ठरलं होतं."

"मग सांगितलं का नाहीस?"

"सांगितलं असतं तर कासव झालं असतं ना." ती झाकणांकडे बघूनच बोलत होती. "मग तिने काय विचारलं असतं?"

मी तोंडावर हात ठेवला. मुहूर्त काढतेस का, असं मी त्या पोरीला म्हणाले होते.

"बाबा," ती म्हणाली, आणि आता तिने वर बघितलं. "आई आता नाही ना विचारणार?"

तिला सगळं माहीत होतं. तिच्यापासून आम्ही काही लपवलं नव्हतं, ती सगळ्याला हजर होती. तरी हा प्रश्न तिने आजवर कुणाला विचारला नव्हता, आणि आम्हीही एकमेकांना विचारला नव्हता. दादाने तोंड उघडलं. काय येणार हे मला माहीत होतं. मी मनातल्या मनात म्हणत होते, नको, दादा, आज नको.

"नाही," दादा म्हणाला. मग त्याने परत म्हटलं. "नाही विचारणार, बाळा."

आधी तिचा चेहरा तसाच राहिला. मग हनुवटी हलायला लागली. आणि मग ती रडली. भोकाड पसरून, नाक गळेपर्यंत, शेजारीपाजारी दारं उघडतील इतक्या मोठ्याने. शहाणपण, समजूतदारपणा, सगळं वाहून गेलं. झाकणं पायाने उडाली. दादा तिला धरायला गेला तर तिने त्याला मारलं, छातीवर, खांद्यावर, लागेल तिथे. "तू का हात लावलास! तू का हात लावलास!" तो मार खात राहिला. मला वाटत होतं की रडलं की माणूस मोकळा होतो, सगळे तसंच म्हणतात. मोकळं वगैरे काही वाटलं नाही. दुखलं फक्त. फार दुखलं, आणि मी तिथेच भिंतीला टेकून खाली बसले.

मारून मारून तिचे हात थकले. तिने त्याच्या शर्टात तोंड खुपसलं आणि हाक मारली, "आई!" शाळेतून आल्यावर दारातूनच मारायची तशी, लांबवलेली, उत्तर मिळेपर्यंत थांबणारी हाक.

ती परत म्हणाली, "आई!"

आणि दादाने ओ दिली.